दुभाजकापलीकडचं दुकान

४ नोव्हेंबर
हायवेवरचा कट आज बंद झाला. सिमेंटचा दुभाजक सलग केला, वर काळा-पांढरा रंग. धुळ्याहून येणारी गाडी आता आमच्या दुकानाकडे वळणार नाही. तांब्याचा बंब घ्यायला एवढा वळसा घालून सोनगीरला कोण येतंय?
मूर्ख आम्हीच. या कटवर अपघात झाला तेव्हा गावाने रस्ता रोखला. सगळ्यात पुढे मी, घसा फाटेस्तोवर: कट बंद करा, रस्त्याखालून बोगदा द्या. आमदार भाऊसाहेबांनी (इथून पुढे भा.सा., जास्त शाई कशाला) शब्द दिला. त्यातला अर्धा पाळला. आम्ही हारही घातला होता.

९ नोव्हेंबर
बोगद्याचं विचारायला भा.सां.च्या बंगल्यावर. ओट्यावर बसून कंबर गेली. शेवटी त्यांचा माणूस आला, म्हणे प्रस्ताव वर गेलाय. वर म्हणजे कुठे? तर हसला. चहा पाजला. यांचा चहा प्यायचा नाही असं दरवेळी ठरवतो, आणि पितो.

१५ नोव्हेंबर
भा.सां.च्या नव्या हॉटेलसमोर दुभाजक फोडला. नवा कट, दिवे, पाटी, सगळं. गावासमोर असला की धोका, हॉटेलसमोर असला की सोय.
भाषणात म्हणाले होते, विकास रस्त्याने येतो. येतो खरा. त्यांच्याच दारात वळतो.

१९ नोव्हेंबर
आबा दुभाजक चढताना पडले. घर या बाजूला, दुकान त्या बाजूला, आणि माझा बाप घरी बसणाऱ्यातला नाही. जन्मभर तांबं ठोकून कान गेलेत, ट्रकचा हॉर्नही कळत नाही. गुडघा फुटला. शोभा सासऱ्यांना हळद लावता लावता रडत होती. मला रडू आलं नाही. भा.सां.ना एकदा त्या दुभाजकावर चढवावं, पांढऱ्या कपड्यांत, भर ट्रॅफिकमध्ये, एवढंच डोक्यात.

२६ नोव्हेंबर
भा.सा. स्वतः दुकानात. हॉटेलच्या उद्घाटनाला मोठं घंगाळ पाहिजे, आबांच्या हातचं. दारात पाणी भरून फुलं सोडणार. आबांनी ते स्टेजवर द्यायचं, फोटो काढायचा. वर हॉटेलच्या आवारात आम्हाला एक गाळा, भाडं नको.
"तुमची कला जगापुढे आली पाहिजे," म्हणाले.
मी काय म्हणालो? बसा ना, चहा मागवतो. थू माझ्या तोंडावर.

२७ नोव्हेंबर
शोभाशी भांडण. गाळा घ्या म्हणते. तुमच्या रागावर चूल पेटत नाही. शिवाय हॉटेल घराच्याच बाजूला, आबांना हायवे ओलांडायला नको.
खरं आहे, म्हणूनच जास्त चीड. गाळा घेतला की बोगद्याचं नाव काढायला मी कुठल्या तोंडाने उभा राहू? शाळेच्या पोरी रोज तो दुभाजक चढतात, दप्तरं पोटाशी धरून. त्यांना कोण गाळा देतंय? त्या माणसाला हे सगळं ठाऊक आहे. रस्ता रोखताना पुढे कोण होतं ते बघूनच आलाय.

३० नोव्हेंबर
आबा घंगाळ ठोकतायत. दृष्ट लागावी असं. असल्या माणसासाठी एवढं जीव ओतून कशाला, पण हलकं काम त्यांच्या हाताला जमतच नाही. गाळ्याचं कानाशी ओरडून सांगितलं. हातोडी न थांबवता म्हणाले, "तुले जानं व्हई ते जाय. मी आठेच बसस." इथेच, म्हणजे याच दुकानात.

३ डिसेंबर
उद्या उद्घाटन. भा.सां.चा माणूस गाळ्याची किल्ली देऊन गेला. मी हो म्हणालोय का, हे विचारायची गरजही वाटली नाही त्याला. शोभाने ती माझ्या खिशात टाकली.
संध्याकाळी आबांना धरून दुभाजकावर चढवलं. ट्रक संपेनात, दोघे मध्येच उभे. पलीकडे हॉटेलवर दिव्यांच्या माळा. आबा तिकडे बघत होते. मग म्हणाले,
"सकाय माले इस्टेजवर उभं करतीन ना? तठेच इचारसू, बोगदा कव्हय व्हई."
मी काहीतरी बोललो. ऐकू गेलं नाही त्यांना.
बोगदा कधी होणार, हे उद्या भर स्टेजवर विचारणार. बहिरा माणूस बोलतो मोठ्याने. माइक लागणारही नाही.
स्टेजपर्यंत हात धरून त्यांना मलाच न्यायचंय. किल्ली अजून खिशात आहे.