सीन या शब्दासमोरची पेन्सिल

बाबा, तुमची डिक्शनरी आज मी भांडण जिंकायला उघडली. खोटं कशाला बोलू, तुमची आठवण आली म्हणून नाही. तुम्ही गेल्यापासून ती पेरुंगुडीच्या आमच्या फ्लॅटमध्ये कपाटाच्या वरच्या खणात पडून होती. बायकोला दाखवायचं होतं की सीन म्हणजे दृश्य, देखावा, बस, जिव्हारी लागण्यासारखं त्यात काही नाही. इथे चेन्नईत तर येता-जाता म्हणतात, सीन पोडादे, उगाच नाटकं करू नकोस. तुमच्या नातीला मी एवढंच म्हणालो होतो. त्याला अकरा दिवस झाले आणि ती माझ्याशी अवाक्षर बोललेली नाही.

तुम्ही तिला शेवटचं पाहिलंत तेव्हा ती रांगत होती. आता सोळाची आहे, मराठी सगळं समजतं पण तोंडात तमिळ आधी येतं, मला अप्पा म्हणते. त्या सकाळी तिची क्लासची टेस्ट होती. एक बूट पायात, एक हातात, अशी ती दाराशी बसून राहिली. म्हणाली, "अप्पा, मला श्वास घेता येत नाहीये." मी गाडीची किल्ली हातात घेऊन उभा. सिरुसेरीला ऑफिसात पोचायचं होतं, मीटिंग होती. आधीच्या दोन टेस्टनाही ती पोटात दुखतंय म्हणाली होती, म्हणून माझं डोकं फिरलं. तेवढं बोललो आणि तिला तशीच गाडीत बसवली. तासाभरात क्लासमधून फोन, मुलगी बाथरूममध्ये पडली आहे. डॉक्टर म्हणाले, हृदय ठणठणीत आहे, ही भीती आहे, पण भीतीनेही श्वास खरोखरच कोंडतो. अजूनही तिला तसं होतं. काल डॉक्टरांनी तिला विचारलं, असं झालं की घरात कुणाला सांगतेस का? ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "सांगून काय, त्यांना सीन वाटतो." बाबा, तिथे खुर्चीत मला कळलं. आता पुढच्या वेळी ती कुणालाच सांगणार नाही.

तर डिक्शनरी. तुम्ही साताऱ्याहून इथे चेन्नईजवळच्या आवडी गावातल्या फॅक्टरीत आलात तेव्हा तमिळ तुम्ही बापजन्मात ऐकलेलं नव्हतं. वर्कशॉपमधली माणसं इंग्रजी शब्द आपल्या तमिळ अर्थाने वापरायची आणि तो अर्थ तुमच्या डिक्शनरीत निघायचा नाही. मग ज्याने शब्द वापरला त्यालाच तुम्ही गाठून विचारायचात. संध्याकाळी क्वार्टरच्या स्वयंपाकघरात, आई पोळ्या लाटतेय, चहा निवतोय, आणि तुम्ही पेन्सिलीने समासात लिहिताय: अर्थ काय, कोण म्हणालं, कुणाला. मास या शब्दापुढे अजून आहे, 'एकदम भारी. वेल्डर म्हणाला, मला, नवा चष्मा बघून.' तुम्ही इन्स्पेक्शनमधले, सहीशिवाय तुकडा पुढे जाऊ द्यायचा नाहीत, शब्दांनाही तोच नियम. आई हसायची, म्हणायची, माणूस आहे की रजिस्टर.

आज सीनचं पान काढलं. तुमचं ते बारीक, उजवीकडे कललेलं अक्षर. 'खोटं नाटक, ढोंग. कोण म्हणालं: मी. कुणाला: पोराला. त्याला खरंच ताप होता.'

मी तिथेच फरशीवर बसलो. ती सकाळ मला पाठ आहे. सहावीत होतो, म्हणालो, बाबा, पाय उचलत नाहीत. तुम्ही नवीन शिकलेल्या तमिळच्या तोऱ्यात सगळ्यांसमोर म्हणालात, सीन पोडादे, आणि मला सायकलवर बसवून शाळेत सोडलंत. तिसऱ्या तासाला मी बाकावरून कोसळलो. टायफॉइड निघाला. तुम्ही तीन आठवडे उशाशी बसून मोसंबी सोलून दिलीत, पण त्या सकाळबद्दल चकार शब्द काढला नाहीत. मला वाटलं तुम्ही विसरलात. त्यानंतर मला काहीही झालं तरी मी तुम्हाला सांगायचं सोडलं, हे तुमच्या कधी लक्षात आलं का? दहावीत वर्षभर वर्गातली मुलं मला मारायची. तुम्हाला ते आज कळतंय.

इतका राग आला तुमचा. पुस्तकात लिहिता येतं, मग पोराला सांगायला काय झालं होतं? आणि लगेच माझं मलाच कसंतरी झालं. कारण मीही तेच केलं होतं, पेन्सिल शोधून तुमच्या ओळीखाली माझी ओळ लिहिली होती. कोण म्हणालं: मी. कुणाला: लेकीला. तिला खरंच श्वास येत नव्हता. पुस्तक तिच्या बंद दाराशी ठेवून आलो, आणि दोन मिनिटांत जाऊन परत उचलून आणलं. तुमची ओळ माझ्यापर्यंत यायला पस्तीस वर्षं लागली, बाबा. तेवढं थांबायला माझ्याकडे वेळ नाही. हे तिला तोंडाने सांगायला हवं, आजच.

दुपारचे चार वाजलेत. बायको खाली भाजी आणायला गेली आहे. मी लेकीच्या खोलीबाहेर खुर्ची टाकून बसलोय, आतून पंख्याचा आवाज येतोय. मघाशी एकदा खोकली. तुम्हाला हे कुठे पाठवणार होतो, पत्ता तरी कुठला घालणार. खरं सांगू का, हे एवढं लांबलचक लिहीत बसलोय ते दार वाजवायचं टाळायला.