बाबांच्या भूमिकेत दंतवैद्य

ती. ताईस,

साष्टांग नमस्कार पत्राच्या शेवटी घातला आहे. तू माझी पत्रे पहिल्या परिच्छेदानंतर भाऊजींकडे सरकवतेस, असे आई म्हणते. म्हणून ही व्यवस्था. तुझा उजवा गुडघा कसा आहे? (मागील पत्रात तू नुसते 'गुडघा' लिहिलेस. कोणता, ते न कळवल्याने मी उजवा धरून चाललो आहे.) भाऊजींचा रक्तदाब? आणि आमचा दूरचित्रवाणी संच? गेल्या रविवारी फोनवर तू माझ्या प्रत्येक प्रश्नाचे उत्तर अर्ध्या मिनिटाने देत होतीस आणि मागे कोणी बाई हुंदके देत होती. त्यावरून संच सुस्थितीत असल्याचा निष्कर्ष मी काढला आहे.

तो तुझ्याकडे का पाठवला, हे त्याच वेळी सांगणार होतो. पण त्या बाईंचे रडणे थांबेना. आमच्या घरातले बोलणेचालणे पार बिघडले होते, ताई. थोरलीकडे (वय बारा) पाणी मागितले, तर ती आधी डावीकडून, मग उजवीकडून आणि शेवटी समोरून माझ्याकडे मान वळवून पाही, पाणी त्यानंतर. धाकटी (वय आठ) तेराचा पाढा म्हणता म्हणता 'तेरा साते'पाशी थांबे, 'भेटू या छोट्याशा विश्रांतीनंतर' म्हणे आणि भेटत नसे. आमची सौ. शर्ट वाळत घालताना कॉलर उजेडाकडे धरून हसू लागली होती. (कॉलर फारशी स्वच्छ नसे.) आईबद्दल काय लिहावे! मला जेवताना ठसका लागला, डोळे पांढरे व्हायची वेळ आली, तर म्हणाली, "थांब रे जरा, जाहिरात लागू दे." अशातच रिमोटच्या मागचे, बॅटरीवरचे झाकण नाहीसे झाले. मी रीतसर चौकशी केली. सर्वांना एकेकदा विचारले, धाकटीला तीनदा. कारण रिमोट शेवटी तिच्या हातात होता. झाकण मिळाले नाही. दुसऱ्या दिवशी संच तुझ्याकडे रवाना झाला.

मूळ खोके घरात असताना संच दोन रजयांत गुंडाळून का आला, असे तू विचारले होतेस. त्याचे उत्तर सोपे आहे. ते खोके मी सहा वर्षे माळ्यावर जपले होते. प्रवासात ते चेपले असते. पंख्यांच्या कारखान्यात एकोणतीस वर्षे भांडार सांभाळणारा माणूस मूळ खोके असे वाऱ्यावर सोडत नाही. मी खोके वाचवले, आणि तेच माझ्या मुळावर आले.

पहिले चार दिवस घरात अपेक्षित शांतता होती. पाचव्या दिवशी संध्याकाळी साडेसातला कामावरून आलो, तर आई आणि सौ. शेजारी शेजारी बसल्या होत्या, संचाच्या टेबलावर माझे खोके उभे होते, आणि पुढून-मागून कापलेल्या त्याच्या चौकटीतून माझा जुना चष्मा लावलेली थोरली ओरडत होती, "खोलीत कोणी नाही, मग पंखा कोणासाठी?" मालिकेचे नाव 'बाबा म्हणतील तसं'. (चौकटीची डावी कड उजवीपेक्षा चार मिलिमीटर मोठी आहे. हे मी तिथल्या तिथे सांगितले, आणि तोच प्रसंग दुसऱ्या दिवशीच्या भागात आला.) आई हसून हसून खुर्चीतून घसरत होती. मीही हसलो, हे नमूद करतो. तिसऱ्या भागापासून माझी भूमिका मलाच देण्यात आली. आपले काम चांगले होत होते, असे माझे मत आहे.

पण चुकीचे मजकूर मला खपत नाहीत, हा माझा स्वभाव तुला ठाऊकच आहे. मी दिवसातून नऊ वेळा पंख्याविषयी बोलतो, असे संहितेत होते. प्रत्यक्षात मोजले, तर पाच वेळा. असे अकरा आक्षेप मी क्रमाने लिहून थोरलीला सादर केले. तिने ते शांतपणे वाचले आणि म्हणाली, "बाबा, ज्या नटाला गोष्ट पटत नाही, त्याचं पुढे काय होतं, माहितीये ना?" मला माहीत नव्हते. दुसऱ्या दिवशी भाग सुरू होण्यापूर्वी धाकटीने चौकटीतून डोके काढून जाहीर केले, "आजपासून बाबांची भूमिका वरच्या मजल्यावरचे डॉक्टरकाका करतील."

हे डॉक्टर म्हणजे निवृत्त दंतवैद्य. गृहस्थ सज्जन आहेत, पण मी म्हणून त्यांना पाहणे फार अवघड जाते. ते रागावण्याआधी "जराही दुखणार नाही हं" म्हणतात. मी असे कधी म्हणत नाही. समोरचा बोलू लागला की त्याच्या तोंडात टक लावून पाहतात. मी पाहत नाही. तरी आई म्हणते, "हाच बरा आहे बाई. ऐकून तरी घेतो." (हे माझ्या देखत, ताई! सख्खी आई!) शिवाय हे प्रकरण चौकटीत राहत नाही. परवा सौ. टॉवेल घेऊन निघाली. कुठे, तर पोहायला शिकायला. मी विचारले, "हे कधी ठरलं?" तर म्हणाली, "काल नाही का बाबांनी परवानगी दिली!" भागात तिने अठ्ठेचाळिसाव्या वर्षी पोहायला शिकू का, असे विचारले होते आणि दंतवैद्य म्हणाले होते, "अगं, विचारतेस काय, जा की!" मीही नाही म्हटले नसते. फक्त तलावाची खोली विचारली असती. त्याच परवानग्यांच्या ओघात बैठकीला पिवळे पडदे लागले, माझी खुर्ची खिडकीशी गेली आणि दंतवैद्य तालमीच्या निमित्ताने साडेसहापासून तिच्यात बसू लागले.

हेही मी सोसले असते. पण काल धाकटी चौकटीत आली आणि दंतवैद्यांना म्हणाली, "बाबा, झाकण मी नाही हो हरवलं. माझ्यामुळेच टीव्ही पाठवून दिला का?" हे संहितेत नव्हते. दंतवैद्य गोंधळले, त्यांनी चौकटीवरून माझ्याकडे पाहिले. मी उठून "नाही गं" म्हणू लागलो, तोच थोरली ओरडली, "प्रेक्षकांनी मध्ये बोलू नये!" आणि ताई, मी खाली बसलो. माझ्याच घरात मी प्रेक्षक आहे.

तेव्हा परिस्थितीचा सर्व बाजूंनी विचार करता, आमचा संच तू शक्य तितक्या लवकर परत पाठवावास, म्हणजे हे खोक्यातले प्रक्षेपण आपोआप बंद पडेल, अशी विनंती आहे. आता ठरल्याप्रमाणे तुला व भाऊजींना साष्टांग नमस्कार, दोघांना वेगवेगळा.

तुझा धाकटा भाऊ

ता. क. : संच पाठवू नकोस. वरील विनंती सौ. पत्र वाचेल म्हणून लिहिली; मला भूमिका परत हवी आहे, हे तिला कळायला नको. ती आता पोहायला गेली आहे. मी थोरलीकडे भूमिका परत मागितली. ती म्हणते, गेलेला नट परत यायला गोष्टीत काहीतरी कारण लागते. तिने एकच कारण मान्य केले आहे : खूप वर्षांनी आत्या येते, दंतवैद्यांकडे निरखून पाहते आणि म्हणते, "हा माझा भाऊ नाही!" तुझे वाक्य एवढेच. मान वळवण्याचे तीन प्रकार थोरली शिकवील. येत्या शनिवारी साडेसातच्या आत ये. गुडघा (कोणताही) फार दुखत असेल तर बसून बोल. चौकट तेवढी खाली आणता येते.

ता. क. दुसरा : झाकण सापडले. माझ्याच हत्यारांच्या पेटीत, बॅटरी मी बदलली तेव्हा मीच जपून ठेवलेले. धाकटीला ते आताही सांगता येईल, हे मला कळते. आज दोनदा तिच्यासमोर जाऊन उभा राहिलो. दोन्ही वेळा तोंडातून "पंखा बंद कर" एवढेच निघाले. चौकटीत बसलो की मला बोलता येते. शनिवार चुकवू नकोस.