डाव्या बाहीवरची भरड चमकी

प्रिय ठिणगी,

हे पत्र एका बैठकीत वाचावेस, अशी विनंती आहे. मधेच थांबून फोन उचलशील आणि "आजोबा, नक्की काय झालंय?" असे विचारशील, तर मला उत्तर देता येणार नाही. जे झाले ते एका वाक्यात मावणारे नाही, आणि क्रम सोडून सांगितले तर तुला ते पटणारही नाही. नोकरीची सगळी वर्षे मी मुलांना तर्कशास्त्र शिकवले. विधाने योग्य क्रमाने मांडली की निष्कर्ष आपल्या पायांनी चालत येतो, यावर माझा अजून विश्वास आहे. घरी आम्ही दोघेही धडधाकट आहोत, एवढे मात्र आधीच सांगून ठेवतो, म्हणजे तू सवयीप्रमाणे शेवटच्या पानावर उडी मारणार नाहीस.

सुटी संपवून तू परत गेलीस, पण तुझी चमकी अजून इथेच मुक्कामाला आहे. जेवणाच्या टेबलाच्या फटीत ती आहे, माझ्या शब्दकोशाच्या पानांत आहे, आणि चहाचे जे गाळणे तू न विचारता कामाला घेतलेस त्यात तर ती कायमची वस्तीला आली आहे. परवा न्हाव्याने माझी मान खाली वाकवली आणि तो थबकला. "सर, नाटकात कामं करायला लागलात काय?" असे त्याने अत्यंत गंभीरपणे विचारले. मी नाही म्हणालो, तेव्हा त्याने माझ्या भुवईतून एक कण बोटाच्या टोकावर उचलून पुरावा म्हणून माझ्यासमोर धरला. हे मी घरी सांगितले तर तुझी आजी म्हणाली, "चला, म्हातारपणी का होईना, चेहऱ्यावर तेज आलं."

या सगळ्याचे मूळ कारण तुला माहीत आहे, पण तुला ते आजीच्या तोंडून कळले आहे आणि आजी ते हसत हसत सांगते. म्हणून माझी बाजूही ऐक. तिच्या नजरेचा मधला भाग गेला आणि कडा तेवढ्या उरल्या. समोरच्या माणसाचा चेहरा बघायला जावे तर तिथे धुराचा एक ठिपका दिसतो, आणि नजर दुसरीकडे वळवली की त्या माणसाचा कान, खांदा, खिडकीची चौकट असे काहीबाही कडेने दिसते. वाचन सुटले, ते मी वाचून दाखवू लागलो. शिवण सुटले, ते तिने स्वतःच शेजारणीच्या मुलीला शिकवून टाकले. शनिवारी संध्याकाळी ग्रंथालयातल्या व्याख्यानाला जाणे मात्र तिने सोडले नव्हते. व्याख्यान संपले की जिन्याजवळ गर्दी होते, आणि आमच्या वयाच्या पुरुषांनी तर राखाडी कोटाखेरीज काही घालायचेच नाही असा ठराव केलेला दिसतो. त्या गर्दीत तिने एका परक्या गृहस्थाचा दंड धरला आणि त्याला माझ्या नावावर जमा करून ती जिना उतरली. वाटेत तिने त्याला सांगितले की आजचा वक्ता म्हणजे ओला लाकूडफाटा होता, धूर फार आणि उजेड काही नाही. आणि घरी गेल्यावर आधी मोजे बदला, मघापासून वास येतोय. त्या सज्जन माणसाने हे सर्व ऐकून घेतले. बसथांब्यावर आल्यावर मात्र तो अगदी हळू म्हणाला, "बाई, माझी बस आली. मोज्यांचं बघतो मी."

ही हकिगत तिने सगळ्या इमारतीला सांगितली. वरच्या मजल्यावरचे औषधवाले तर हसून खोकायला लागले. पण पुढच्या शनिवारी तिचे डोके दुखत होते. त्याच्या पुढच्या शनिवारी तिला व्याख्यानाचा विषयच आवडला नाही, आणि तिला न आवडणारा विषय मी तोपर्यंत पाहिलेला नव्हता. ती घाबरली होती. तिने तसे कबूल केले नाही आणि मी तसे म्हटले नाही. मी एवढेच सुचवले की गर्दीत मी अधूनमधून "मी इथे आहे" असे म्हणत राहीन. त्यावर मिळालेले उत्तर तूही नंतर तिच्याकडून ऐकले आहेस: "हाका मारत फिरायचं नाही. मी हरवलेलं वासरू नाही आणि आपण आंधळी कोशिंबीरही खेळत नाही आहोत. नवरा माझा मला सापडला पाहिजे." हा तिचा नियम झाला. मी गप्प उभे राहायचे आणि तिने शोधायचे. आणि शोधायला काही साधन नाही, म्हणून जायचेच नाही, असा तो पेच होता.

अशा वेळी तू आलीस. आलेल्या प्रत्येकाने आजीसमोर हळहळ व्यक्त केली होती. तू तिला खिडकीशी बसवलेस आणि प्रश्न विचारायला सुरुवात केलीस. काळ्या कापडाच्या पट्ट्यांवर तू निरनिराळ्या चमक्या लावून आणल्या होत्यास: चांदीच्या रंगाची, सोनेरी, हिरवट, तांब्याच्या रंगाची. तू एकेक पट्टी तिच्या नजरेच्या कडेला धरत होतीस, आधी स्थिर, मग हलवत. मी वर्तमानपत्रामागे होतो, हे खरे. वाचत नव्हतो, हेही खरे. स्थिर पट्टी तिला जवळजवळ दिसतच नव्हती. हलवलेली तांब्याची पट्टी पाहून ती म्हणाली, "हां, हे कळलं. पाण्यात मासा वळल्यासारखं." आणि मग तू जे केलेस त्यासाठी मी वर्तमानपत्र खाली ठेवले. तू मधेच एक साधी, काहीही न लावलेली पट्टी हलवलीस. आजी म्हणाली, "गंमत करतेस काय गं माझी? ह्याच्यात काही नाही." तिचे उत्तर खुशामतीचे किंवा अंदाजाचे नाही, याची तू खात्री करून घेतलीस. मुलांच्या डोक्यात ही एक गोष्ट उतरावी म्हणून मी सगळा जन्म खडू झिजवला, आणि तू ती कापडाच्या चिंधीने केलीस. तेव्हा मी काही बोललो नाही. आज लेखी नोंदवतो आहे.

कोटाला मात्र मी हरकत घेतली होती, आणि ती हरकत मी आजही मूर्खपणाची मानत नाही. मनुष्याच्या पोशाखाने त्याच्या वयाशी काही सुसंगती राखावी, असे माझे म्हणणे होते. तू ते पूर्ण ऐकून घेतलेस, तोंडातली पिन काढलीस आणि म्हणालीस, "आजोबा, कोट तुमचा आहे हो. पण बघायचा आजीला आहे ना." याच्यावर मी बराच विचार केला. या मांडणीत मला फट सापडली नाही, म्हणून मी कोट काढून दिला.

त्यानंतरचे तुझे काम मी जवळून पाहिले, आणि इतके नीट काम मी क्वचित पाहिले आहे. कॉलरीच्या आत तू पुठ्ठा सरकवलास, गोंद मागच्या बाजूला झिरपू नये म्हणून. कडेने चिकटपट्टी लावून रेघ आखून घेतलीस. गोंद ब्रशने इतका पातळ पसरलास की मला वाटले तू कंजूषपणा करते आहेस. तू सांगितलेस की थर जाड झाला तर तो कडक होतो आणि कापड वाकले की तडकतो. मग गाळण्यातून चमकी भुरभुरवलीस, बोटाने अलगद दाबलीस आणि उरलेली कागदाच्या घडीतून परत डबीत ओतलीस. चिकटपट्टी सोलून काढताना तू श्वास रोखून धरला होतास. मीही धरला होता. रात्रभर कोणी कोटाला हात लावायचा नाही अशी ताकीद मिळाली, आणि दुसऱ्या दिवशी उलट्या बाजूने, मधे कापड ठेवून, तू त्याला इस्त्री दाखवलीस. कॉलरीवर आणि खांद्यांच्या शिवणीवर तांब्याची एक बारीक रेघ उमटली. दुरून ती दिसतही नव्हती. हललो की मात्र पेटत होती.

एकच गोष्ट मला तेव्हा खटकली. आजीला घेऊन तू डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेली होतीस. परत आल्यावर तुम्ही दोघींनी सांगितले की तेच थेंब चालू ठेवायला सांगितले आहेत, आणि आजी चहा ठेवायला आत गेली. तू मात्र पुन्हा गोंद उघडलास आणि कोटाच्या डाव्या बाहीच्या काठावर दुसरीच चमकी लावू लागलीस. ती भरड होती, जवळजवळ रव्याएवढी, आणि तीही तू दोन थरांत लावलीस. मी विचारले की सगळीकडे बारीक आणि इथेच भरड का. शिवाय मनगटाकडे बघतो कोण. तू मान वर न करता म्हणालीस, "राहू दे, आजोबा. ते नंतरसाठी." एरवी प्रत्येक गोष्टीचे कारण देणारी मुलगी इथे कारण देत नव्हती, याची मी नोंद घेतली आणि एवढ्या चांगल्या कामातला हा एक विसंगत तुकडा आहे, असे मनाशी ठरवून टाकले.

तू गेल्यावर पहिल्याच शनिवारी आजीने स्वतःहून चप्पल घातली. मी सभागृहाच्या दारात दिव्याखाली उभा राहिलो, नियमाप्रमाणे मुका. ती गर्दीतून मान किंचित तिरकी करून आली, मी खांदे जरासे हलवले, आणि ती थेट माझ्यापाशी येऊन थांबली. "सापडलात," एवढेच म्हणाली. औषधवाले मागेच होते. त्यांनी माझ्याभोवती एक फेरी मारली आणि म्हणाले, "काय सर, या वयात लखलखाट?" मी योग्य शब्द शोधत होतो, तोवर आजीने उत्तर दिले: "तुम्हीही लावून घ्या की. तुमच्याही बायकोला गर्दीत तुम्ही सापडावंसं वाटत असेल तर." तेव्हापासून एकही व्याख्यान चुकले नाही. वक्ते कंटाळवाणे असले तरी नाही, आणि ते बहुधा असतात.

आता मुख्य मुद्दा, ज्यासाठी हे लिहायला बसलो. गेल्या शनिवारी मी नेहमीच्याच दिव्याखाली उभा होतो. ती आली, मान तिरकी केली, मी खांदे हलवले, आणि तिची नजर माझ्यावरून तशीच पुढे निघून गेली. मी पुन्हा हललो. तिला काही दिसले नाही, पाण्यातला मासा नाही आणि पाणीही नाही. हाक ओठांवर आली होती. नियम आठवला आणि ती मी गिळली. ती थांबली. मग तिने उजवा हात पुढे केला आणि जिन्यापाशी उभ्या असलेल्या राखाडी कोटांच्या बाह्या चाचपत ती संथपणे येऊ लागली. एकाचे मनगट, नाही. दुसऱ्याचे, नाही, तो बिचारा दचकलाही. मग तिची बोटे माझ्या डाव्या बाहीच्या काठावर आली, अंगठा त्या भरड कणांवरून एकदा पुढे आणि एकदा मागे फिरला, आणि ती म्हणाली, "चला. कॉलर नीट करा, वळली असेल." जिना उतरताना तिने मला सांगितले की डॉक्टरांनी हे तुम्हा दोघींना तेव्हाच सांगितले होते: कडाही जातील. तिने तुला गप्प राहायला सांगितले आणि तू गप्प राहिलीस, पण बाही मात्र तयार करून गेलीस. ती नेहमी माझ्या डाव्या हाताला चालते, हेही तू पाहून ठेवले होतेस. ठिणगी, तू म्हणालीस ते "नंतर" आता आले आहे. आजी उद्याच्या शनिवारचा विषय मला दोनदा विचारून गेली आहे, आणि आठवडाभर रोज बाहेर पडताना तिचा अंगठा जिथे फिरतो तिथली चमकी झिजून कापड दिसू लागले आहे. मी स्वतः दुरुस्ती करून पाहिली. गोंदाचा एक गोळा झाला आणि तो तडकला, तू सांगितले होतेस अगदी तसाच. म्हणून ती भरड चमकी पाठव, किंवा घेऊन ये. पावसाळी कोट आहे, दोन सदरे आहेत, घरात घालायचा स्वेटर आहे. सगळ्यांच्या डाव्या बाह्या करायच्या आहेत, आणि या वेळी पुठ्ठा मी धरीन.

तुझाच, मुका पण सापडणारा,
आजोबा