दहा वॉटची धवलारीण

२२ मार्च, शनिवार
लेकीची, कल्पिताची हळद १९ एप्रिलला, लग्न २० ला. अठ्ठावीस दिवस हातात. निर्णय घेतला: हळदीला डीजे नाही. गेल्या महिन्यात शेजारच्या मोरूच्या हळदीत आमच्या भिंतीचे पोपडे पडले. गावाला कुणीतरी वळण लावायला हवं. दोन हजारांच्या आत एक दर्जेदार ब्लूटूथ स्पीकर, बस्स. बायकोला, नलूला सांगितलं. ती भाकऱ्या थापत होती, थापतच राहिली. म्हणजे पटलं.
उद्यापासून सकाळी चालायला जाणे. लग्नात पोट दिसता कामा नये.

२३ मार्च
चाललो नाही. स्पीकरचे अकरा व्हिडिओ पाहिले. वॉट दोन प्रकारचे असतात, खोक्यावरचे आणि खरे. हे तालुक्यात बहुतेक मलाच ठाऊक.

२५ मार्च
कल्पिता पनवेलहून आली. कृष्णाआजीला हळदीचं सांगितलं का, म्हणाली. कृष्णाबाई म्हणजे माझी आत्या, गावची धवलारीण. आमच्यात भट नंतर, धवलारीण आधी. ती धवले गाते तेव्हाच हळद लागते. धवल्यात नवरीचं, आईबापाचं, काकामामाचं एकेकाचं नाव घेते. सगळं कबूल. पण आत्या शहात्तर वर्षांची. पुढचे दात नाहीत. ओळीच्या मध्येच खोकते. आणि जावई स्वप्निलची माणसं उलव्याची, सातव्या मजल्यावरची. आपली काही इज्जत आहे की नाही?
बघू, म्हटलं. कल्पिता म्हणाली, पप्पा, तुमचं बघू म्हणजे नाय. आजी गायली नाय तर मला हळद लागल्यासारखीच वाटायची नाय. मग खोलीत निघून गेली. समजूतदार पोर, माझ्यावर गेलीय.

२९ मार्च
पेणला निकेतच्या दुकानात. नऊ स्पीकर ऐकले, प्रत्येकावर तेच गाणं, म्हणजे तुलना शास्त्रशुद्ध होते. निकेत म्हणाला, काका, गुरुवारी पन हेच नऊ ऐकलेत. म्हटलं, गुरुवारी पाऊस असल्यासारखं ढगाळ होतं, कानावर परिणाम होतो. तो जेवायला गेला. साडेअकरालाच.

३० मार्च, पाडवा
मोठी कल्पना सुचली. श्रीखंड खातानाच सुचली. आत्याचे धवले रेकॉर्ड करून स्पीकरवर लावायचे! परंपरा आत्याची, टेक्नॉलॉजी माझी, खोकला कापून टाकायचा. कल्पिताही खूश, उलवेवालेही खूश. असं आजवर कुणाला कसं सुचलं नाही?

२ एप्रिल
रेकॉर्डिंग झालं. आत्याला सांगितलं, आठवण म्हणून हवंय, घरात ऐकायला. खोटं नाही, मांडव घरापुढेच असणार. तिने हातपाय धुतले, कपाटातलं लुगडं काढून नेसली, फोनपुढे दिवा लावला. मग विचारत बसली, नवरीचं नाव कनाचं घेऊ? हळदीआधी कल्पिताचं घेतलेलं चालत नाय. नाव नसंल तर धवला लागंल कनाला रं दत्ता? म्हटलं, घाल कुणाचंही, मशीनला काय कळतंय. फोन ठेवला आणि मागे तंबाखू मळत बसलो. आई गेली तेव्हा मी पाच वर्षांचा. याच परसात वाढलो, आत्याच्याच हातचं खाऊन. फणस अजून तसाच धरतो.
परत आलो तर पदराने डोळे पुसत होती. या वयात डोळ्यांना पाणी येतंच. पहिलं मिनिट ऐकून पाहिलं, नमनाचं होतं, आवाज स्वच्छ. एकूण चाळीस मिनिटं. उरलेलं नंतर सावकाश ऐकणार.
निघताना विचारते, हळदीला हिरवं नेसू का पिवळं? तेव्हाच सांगून टाकलं, आत्या, तू आता दगदग करू नकोस, हळदीचं राहू दे, लग्नाला जेवायला ये. तिने दिव्याची वात सारखी केली. मग बरं म्हणाली. मोठ्या मनाची बाई.

५ एप्रिल
घेतला! खरे दहा वॉट, बॅटरी वीस तास, मेमरी कार्ड चालतं, पाण्यात पडला तरी वाजतो. काळ्या आणि निळ्यात फक्त दीड तास गेला. निघताना निकेतने हात जोडले. हल्लीच्या पोरांत असा आदर कुठे राहिलाय.

१२ एप्रिल
गच्चीवर स्पीकरची चाचणी, सिनेमातली गाणी लावून. मोरू घरातून बाहेर येऊन हात हलवत होता. तिथवर पोचतो म्हणजे. खोकला कापायचा राहिलाय. उद्या नक्की. चालणं सोमवारपासून.

१६ एप्रिल
राहिलाच. मांडववाला, आचारी, पत्रिका, एकटा माणूस किती ठिकाणी पुरणार? असू दे थोडा खोकला. जिवंतपणा येतो.

१९ एप्रिल, शनिवार, दुपारी ३
सगळं सज्ज. धवले मेमरी कार्डवर. कुणी बटणं दाबू नयेत म्हणून स्पीकर मांडवाच्या उंच बांबूला तारेने बांधला. शिडी मांडववाला घेऊन गेला, आता चिंता नाही. कल्पिताने विचारलं, आजी आली का? म्हटलं, आजी आहेच, तू फक्त पाटावर बस. सरप्राइज आहे.

१९ एप्रिल, नंतर
लिहावंसं वाटत नाही. पण सवय मोडायची नाही.
पाचला उलवेवाल्या बायका नवऱ्याची उष्टी हळद घेऊन आल्या. कल्पिता पाटावर बसली. पहिलं मिनिट उत्तम. विहीणबाईंनी मान डोलावली, मी पाहिलं. त्यांनी हळदीत बोटं बुडवली आणि स्पीकर गायला, रंगू बसली पाटावरी, माझ्या रंगूला हळद लावा.
मला वाटलं कुठलीतरी रंगू असेल. मग पाहिलं तर आमच्याकडच्या म्हाताऱ्या बायांनी तोंडाला पदर लावलेले. विहीणबाईंनी विचारलं, ही रंगू कोण? मी काहीतरी जुळवत होतो, तेवढ्यात त्यांच्यातल्या आवडाबाईने सांगून टाकलं, कृष्णाबाईची लेक ती. हळद लावून पाटावर बसली होती, तवाच साप डसला. हळदीच्या अंगानंच गेली. चाळीस वर्सं झाली.
विहीणबाईंनी हळदीची वाटी खाली ठेवली.
रंगू माझ्याहून तीन वर्षांनी मोठी. एका ताटात जेवायचो आम्ही. मला आठवायला हवं होतं.
स्पीकर थांबेना. दहा वॉट, वर उंच, सगळ्या गावाला ऐकू जात होता. रंगूचा मामा आला, रंगूचा काका आला, रंगूची आय रडते. मध्ये खोकला. मी कोयतीच्या काठीने ढोसून खाली पाडला, तर पडला तो थेट पाण्याच्या पिंपात. आणि पाण्यातूनही गात राहिला, बुडालेल्या माणसासारखा. शेवटी मोरूने बाह्या वर करून बाहेर काढला आणि कार्ड उपसलं.
कल्पिता पाटावरून उठली. रडली नाही. म्हणाली, जा, आजीला आना. ती नाय आली तर मी परत बसणार नाय.
गेलो. आत्या ओटीवर बसली होती. सगळं ऐकलं होतं. आजवर पाचशे पोरींचे धवले गायले, म्हणाली, माझ्या पोरीचा रायला होता. म्हनलं, मशीनपाशी गावा, कोन ऐकतंय. घरात ऐकायला म्हनलास ना रं?
मला लाज वाटली. खरोखर वाटली. पण उशीर होत होता, म्हणून म्हटलं, आत्या, पाहुणे खोळंबलेत.
ती उठली. पिवळं नेसून माझ्यापुढे चालत आली, एकदाही मागे वळली नाही. विहीणबाईंचा हात धरून म्हणाली, अशुभ काय ते माझ्या वाट्याचं, ते कवाच होऊन गेलं, पोरीला हळद लावा. लावली! लग्न वाचलं. थोडक्यात, कार्यक्रम व्यवस्थित पार पडला.
आत्या दोन तास गायली. सगळ्यांची नावं घेतली. नलूचं, व्याह्यांचं, मामांचं, मोरूचंसुद्धा. मी भांग पाडून पुढे उभा होतो. दोनदा खाकरलो. बापाचं कडवं आलं तिथे तिने माझ्या आईचं नाव घेतलं, मेलेल्या आईचं, आणि पुढे गेली. थकली असेल. शहात्तर म्हणजे वय झालंच.

२१ एप्रिल, सोमवार
काल लग्न झालं. कल्पिताने पाठराखीण म्हणून आत्याला सोबत नेलं. गाडीत बसताना माझ्या पाया पडली, पण वर पाहिलं नाही. पोरींना सासरी जाताना भरून येतं.
घर रिकामं. स्पीकर उन्हात वाळवला, अजून चालतो. नलूशी सकाळपासून स्वतःहून बोलायचा प्रयत्न केला. म्हटलं, आत्याची स्मरणशक्ती गेली गं, माझंच नाव विसरली. मनाला लावून घ्यायचं नाही मी, मोठ्या माणसाशी कसला राग.
नलू तांब्याची पातेली घासत होती. घासता घासताच म्हणाली, विसरली नाय ती. गायला बसायच्या आधी तिनं कल्पिताला इचारलं होतं, बापाचं नाव घेऊ ना पोरी?
मी विचारलं, मग?
कल्पिता म्हणाली, नको.