बरणीतलं गुंतवळ

१० ऑक्टोबर

म्युझियममध्ये, काचेच्या बरणीत! माझे केस! खाली पाटी — ‘कलाकाराचे केस. कलाकाराकडून भेट.’ कुणी दिली भेट? मी?

शनिवारी तिथंच माझा प्रयोग झाला, चार तास स्टुलावर बसले. मागे आई. अलाबामातल्या पणजीच्या शेतापासून डेट्रॉइटपर्यंतची वाट तिनं वेण्या घालून नकाशासारखी माझ्या डोक्यावर काढली, विकतच्या पाकिटातले नकली केस भरभरून. मी गात होते, भिंतीवर माझी फिल्म, मांडीवर ताल. लोक रडले. आणि आम्ही निघाल्यावर म्युझियमवाल्यांनी फरशी झाडून गुंतवळ गोळा केलं!

आमच्यात, काळ्या लोकांत, गुंतवळ कुणाच्या हाती लागू देत नाहीत. जाळतात. पाखरानं घरट्यात नेलं तर डोकं फिरतं म्हणे. माझा विश्वास नाही. पण केस माझे आहेत!

११ ऑक्टोबर

आईला तिच्या सलूनमध्ये फोन केला. वाटलं, भडकेल.

‘करारावर सही कुणी केली?’

‘मी.’

‘वाचून?’

‘घाईत होते गं.’

‘मग जा आणि मागून आण.’ ठेवला फोन! स्वतःच्या लेकीशी असं बोलतात?

१४ ऑक्टोबर

म्युझियमच्या क्युरेटर व्हिटलॉकबाईंना गाठलं. जिभेवर साखर. ‘करारात आहे ना गं, प्रयोगातून उरलेलं सगळं आमचं.’

‘उरलेलं? माझ्या डोक्यावरचं आहे ते!’

‘नुसते केस तर आहेत.’

‘नुसते आहेत तर द्या परत!’

तर म्हणते, ‘किती सच्चा आहे तुझा राग! पुढच्या प्रयोगात वापर ना.’ एक ठेवून द्यावीशी वाटली. आमच्या माणसांना आफ्रिकेतून गुलाम म्हणून जहाजात कोंबून आणलं, तेव्हाही यांच्याकडे कागद होताच.

१५ ऑक्टोबर

डोकं ठणकतंय. त्या बरणीचा काही संबंध नाही. पण ठणकतंय.

१८ ऑक्टोबर

नोव्हेंबरचे तिन्ही प्रयोग रद्द केले. लिहून कळवलं — बरणी मिळेपर्यंत त्या दारात पाय ठेवणार नाही. वर्षभराची मेहनत पाण्यात. तरी पाठवलं.

आईला सांगितलं. ती म्हणाली, ‘हं.’ बस्स, हं! वर म्हणे रविवारी जेवायला ये, चवळी करतेय.

१९ ऑक्टोबर

व्हिटलॉकबाईंचं पत्र. नमल्या! बरणी घेऊन जा, प्रयोग तेवढे करा.

२० ऑक्टोबर

जेवण झाल्यावर आईनं एप्रनच्या खिशातून रुमालाची पुरचुंडी काढली. माझे केस! त्या दिवशी विंचरता विंचरता एकेक खिशात टाकलेले.

‘मग बरणीत काय आहे?’

‘पाकिटातलं प्लॅस्टिक. त्यांच्या फरशीवर तुझे केस सोडीन होय मी?’

‘आणि मी दहा दिवस भांडतेय ते? सांगायचं नाही?’

‘सही तू केली होतीस.’

चिडून ताटं खडाखडा आवरली. मग परसात दोघींनी मिळून ते केस जाळले.

व्हिटलॉकबाईंना कळवलं — प्रयोग करते. बरणी राहू दे. जपून ठेवा.