उजव्या बाजूची काजं

४ ऑक्टोबर

आज दुकानाच्या काचेला काळा कागद लागला, विमानांना उजेड दिसू नये म्हणून. काचेमागच्या पुतळीच्या अंगावर लग्नाचा पांढरा झगा होता. तो उतरवून मालकीणबाईंनी डांबरगोळ्या घालून पेटीत ठेवला. पुतळी तशीच उघडी उभी राहिली. मास्तरांना बघवेना, त्यांनी तिच्यावर चादर टाकली. तीस वर्षं बायकांचे कपडे बेततायत, पण अजून लाजतात!

आजपासून झगे बंद, पोलकी बंद. आता सैन्याचे कोट — जाड, खाकी, गुडघ्यापर्यंत. पहिल्या खेपेला एकशेवीस. मालकीणबाई म्हणाल्या, "झगा काय नि कोट काय, सुईला काय कळतंय?" सुईला नसेल कळत, बोटांना कळतं. माझी रोजची सुई दुसऱ्याच टाक्याला मोडली.

८ ऑक्टोबर

नमुन्याचा कोट, अजून काजं न केलेला, पुतळीला चढवला. छाती पुढे, कंबर बारीक आणि वर खाकी कोट. हसून हसून पुरेवाट झाली. मास्तर बेततात, मशीनवाल्या जोडतात आणि काजं कुठे यायची त्याच्या खडूच्या खुणा मी करते. बावीस वर्षं तेच काम करतेय. डोळे मिटून करीन.

१० ऑक्टोबर

माझ्या धाकट्याला सैन्यातून बोलावणं आलं. सतराला हजर व्हायचं.

मामंजींनी कागद तीनदा वाचून घेतला. कानाने अधू, त्यात त्यांना ऐकायचंच नव्हतं. तिसऱ्यांदा माझ्या थोरलीने, ताईने, एवढ्या मोठ्याने वाचला की शेजारणीने भिंतीपलीकडून विचारलं, "कधी निघतोय?"

पोराला एकोणीस पुरी व्हायची आहेत. छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवतो. डावखुरा आहे म्हणून फोरमन रोज ओरडतो. आता ओरडायला फोरमनला दुसरा कोणीतरी शोधावा लागेल.

१४ ऑक्टोबर

कामात लक्ष लागत नाही. हात आपले चालतात. आज चाळीस कोटांवर खुणा केल्या, एकही आठवत नाही.

घरी आल्यावर त्याला बटण लावायला शिकवलं. तिकडे कोण लावून देणार? बटणाखाली आगपेटीची काडी धरायची, काडीवरून टाके घालायचे, मग काडी ओढून घ्यायची आणि मोकळ्या दोऱ्याला वेढे द्यायचे. म्हणजे बटणाला मान येते, जाड कापडातही बसतं. लहानपणी एकदा शिकवलं होतं. तेव्हा काडी काढायला विसरायचा, शाळेत पोरं चिडवायची. आजही तीन बटणं लावली आणि तिन्हीत काड्या तशाच!

ताई म्हणाली, "शत्रूसमोर हात वर केलेस तर निदान विडी पेटवायला काडी असेल तुझ्याकडे." तो हसला. मी पण हसले. मग मोरीत जाऊन तोंड धुतलं.

१७ ऑक्टोबर

गेला. वळणावर मागे बघेल वाटलं होतं. बघितलं नाही. बरंच झालं.

२१ ऑक्टोबर

हे कुणाला सांगणार, म्हणून इथे लिहिते.

कोट न्यायला पुरवठा खात्याचे साहेब आले. ढिगातला एक कोट उचलून अंगात घातला, बटण लावायला गेले आणि अडखळले. पुन्हा प्रयत्न केला. मग कोटाकडे बघितलं, आमच्याकडे बघितलं आणि म्हणाले, "हा बायकांचा कोट आहे."

एकशेवीसच्या एकशेवीस! काजं उजव्या बाजूला, बटणं डाव्या बाजूला. पुरुषांच्या कपड्यांत उलट असतं हे मला माहीत नाही का? यांचे सदरे मीच शिवायची, हे होते तोपर्यंत. पण समोर पुतळी होती, हात बावीस वर्षांच्या सवयीने चालला आणि मन सतरा तारखेकडे लागलं होतं. काजं करणाऱ्या सगळ्या पोरींचा जन्म झग्यांत गेलेला. त्यांनी खडूच्या खुणा बघितल्या आणि कात्री चालवली. एकीलाही वेगळं वाटलं नाही.

कापलेलं काज मिटत नाही. साहेब लालबुंद झाले. "कोणाची चूक?"

मी उठायच्या आत मास्तर म्हणाले, "माझी. बेत माझा असतो."

आणि मी बसून राहिले. बसून राहिले मी.

२३ ऑक्टोबर

थंडी तोंडावर आलीय, म्हणून साहेबांनी कोट नेले. सरावाच्या छावणीत चालवून घेतील म्हणे. मास्तरांना बेतायच्या टेबलावरून उठवलं. आता ते वरच्या माळ्यावर बसणार. तिथे जुने कपडे दुरुस्तीला येणार आहेत. आपली कात्री फडक्यात गुंडाळून ते जिना चढून गेले. माझ्याकडे बघितलं नाही. मीही बघितलं नाही.

२ नोव्हेंबर

ताई बसवर कंडक्टर झाली. मोठी टोपी, खांद्याला चामड्याची पिशवी, आवाज आधीपासून होताच. मामंजी मुद्दाम दोन थांबे तिच्या बसने जाऊन आले आणि उतरताना तिला "थँक्यू कंडक्टर" म्हणाले.

रस्त्यावरचे दिवे बंदच. संध्याकाळी सगळे भिंत धरून चालतात. बागेचं लोखंडी कुंपण कापून नेलं, तोफा करायला. न्हावी सैन्यात गेलाय, त्याची बायको दुकान चालवते. मामंजी आधी तिच्याकडे जायला तयार नव्हते, दाढी छातीपर्यंत आली तेव्हा गेले. परत आले ते गालावरून हात फिरवत. म्हणतात, "नवऱ्यापेक्षा हात हलका आहे. युद्ध संपलं तरी त्याने दुसरं काहीतरी बघावं."

१२ नोव्हेंबर

धाकट्याचं पत्र! चार वेळा वाचलं. त्यातलं इथे उतरवून ठेवते:

"आम्हाला कोट मिळाले. आई, सगळ्यांची काजं उलट बाजूला आहेत. बाकीच्या पलटणी आम्हाला 'मावश्या' म्हणतात. सकाळी कवायतीला बटणं लावताना पोरं शिव्या देतात. कोणत्या आंधळ्याने शिवलेत कोण जाणे."

आंधळीने, बाळा.

ताईला, मामंजींना काही बोलले नाही. पण एवढ्या सगळ्या पलटणींतून ते कोट नेमके त्याच्याच पलटणीला गेले. माझ्या हातचा कोट आहे त्याच्या अंगावर, ह्याचा आनंद करू की लाज वाटून घेऊ, कळत नाही. दोन्ही चाललंय.

२८ नोव्हेंबर

माळ्यावर आता गाठोडी येऊ लागली आहेत. आघाडीवरचे कपडे, धुऊन पाठवलेले. फाटलेलं जोडायचं, भोकं रफू करायची, पुन्हा तिकडे पाठवायचं. गाठोड्यांना दोरी असते. लाल दोरी म्हणजे इस्पितळातून आलेलं. पांढऱ्या दोरीचं कुठून आलं ते कोणी विचारत नाही. पांढरी दोरी सोडताना वरच्या बायका आधी हात जोडतात.

मास्तर दोन्ही दोऱ्या जपून गुंडाळून ठेवतात, वेगवेगळ्या डब्यांत.

१९ डिसेंबर

पत्र आलं. लहानसंच. त्यांना पुढे नेलंय. कुठे ते शाईने खोडलं आहे.

"दुसरं बटण तुटलं होतं. मीच लावलं. खाकी दोरा नव्हता, कांबळ्याच्या काठाचा निळा दोरा उसवून घेतला. आई, काडी आतच राहिली. आता राहू दे, तुझी आठवण म्हणून."

ताईने वाचून दाखवलं तेव्हा मामंजी म्हणाले, "मोठ्याने वाच." ती मोठ्याने वाचत होती. बहुतेक त्यांना ऐकू आलं होतं, पुन्हा ऐकायचं होतं.

३ जानेवारी

सायरन दोनदा. दोन्ही वेळा खोटा. मालकीणबाई तळघरात जाताना न चुकता झग्याची पेटी घेऊन जातात. कोणी हसत नाही आता.

२३ जानेवारी

सरकारी कागद आला.

१८ जानेवारीपासून ठावठिकाणा नाही. बेपत्ता. एवढंच. खाली कुणाची तरी सही, वाचता येत नाही.

२४ जानेवारी

कामावर गेले. घरी बसून काय करणार? पोरींनी माझ्या वाटणीचे कोट गुपचूप आपापसात वाटून घेतले. मी दिवसभर रिकामी बसले. मला काम हवं होतं, पण त्यांना तसं सांगवेना.

२६ जानेवारी

सकाळी गार पाण्याच्या बादलीत हात घालून बसले, बोटं बधिर होईपर्यंत. मग ताईचा जुना कोट घातला, तोही उजव्या काजांचा, बायकांचा. माझ्या सवयीचा. तरी बटण लागेना. बोटं ऐकतच नव्हती. त्याला तर तसली सवयही नव्हती. तिकडे बर्फ असेल, उठून पळायचं असेल आणि तो बटणाशी झटत असेल, आईच्या हातच्या.

ताई ड्यूटीवर निघाली होती, दारात थांबली. माझे लाल हात बघितले. मग सगळं सांगितलं तिला. काजं, खडू, साहेब, मास्तर, सगळं.

ती माझ्याजवळ जमिनीवर बसली. टोपी काढून म्हणाली, "आई, तो डावखुरा आहे."

माझ्या लक्षातच नव्हतं आलं. माझं मूल, आणि माझ्याच लक्षात नाही. डावखुऱ्याला ती बाजू सोपी जाते. सगळ्या पलटणीत त्याचीच बटणं पहिली लागत असणार.

पुष्कळ रडले. मग आठवलं, बाकीचे एकशेएकोणीस डावखुरे नव्हते. ताईची बस मात्र चुकली.

४ फेब्रुवारी

आज जिना चढून वर गेले. मास्तर एका सदऱ्याचं भोक रफू करत होते. म्हटलं, "ती चूक माझी होती."

त्यांनी मान वर केली नाही. "वहिनी, खडूच्या रेघेवरून माणूस ओळखतो मी. तुमची रेघ शेवटी जरा वर जाते."

"मग बोलला का नाहीत?"

"मुलाला जाऊन चार दिवस झाले होते तुमच्या. त्यात साहेबांचं बोलणं कुठे ऐकून घेणार होता?" मग टाका ओढून दोरा दाताने तोडला. "आणि इथे उजेड बरा आहे. खाली डोळ्यांना त्रास व्हायचा."

माळ्याला एक खिडकी आहे. तिलाही काळा कागद लावलेला आहे.

मी त्यांच्या पाया पडले नाही, त्यांना आवडलं नसतं. शेजारी बसून दोन बाह्या जोडून दिल्या आणि पत्रातलं सगळं सांगितलं. मावश्या पलटण, निळा दोरा, काडी. 'मावश्या' ऐकून मास्तर पहिल्यांदाच हसले. नंतर म्हणाले, "कोणतीही गाठोडी आली तरी आता मीच सोडत जाईन. पोरींना हात लावू देणार नाही."

मला कळलं ते का म्हणाले. खाली आले.

७ फेब्रुवारी

पांढऱ्या दोरीची नऊ गाठोडी आली. मास्तर वरून खाली आले, दारात उभे राहून फक्त मान हलवली, नाही म्हणून. पुन्हा वर गेले. रोज एवढ्यासाठी जिना उतरतात, गुडघे दुखतात तरी.

९ फेब्रुवारी

मास्तरांनी जिन्यावरूनच हाक मारली. वर गेले. लाल दोरी.

काजं उजव्या बाजूला. दुसरं बटण निळ्या दोऱ्याचं, खाली काडी तशीच. चिठ्ठीवर नाव नाही. इस्पितळाचा शिक्का, खाट एकतीस, तारीख २६ जानेवारी. अठराच्या नंतरची सव्वीस. गाठोडी आणणारा गाडीवाला म्हणाला, शुद्धीवर नसलेल्यांची नावं तिथे कोणाला माहीत नसतात.

डावी बाही खांद्यापासून कापली आहे. कात्रीने, शिवणीवरून, सरळ. मास्तरांनी त्यावरून बोट फिरवलं. "जिवंत माणसाचीच बाही इतकी जपून कापतात, वहिनी."

सकाळच्या गाडीने निघते. ताईने रजा घेतली आहे. कोट बरोबर नेतेय, बाही न जोडता. उजव्या हाताने बटण लावायला शिकवीन त्याला. काडी काढायला विसरला तर विसरू दे.