मोटरी भरायचं दुकान सुनेच्या नावे

मी, सोनीबाई सावळाराम वाळुंज, वय ६८, राहणार लोणी, तालुका आंबेगाव, कोणाच्याही दबावाशिवाय आणि डोकं ठिकाणावर असताना हे मृत्युपत्र लिहून ठेवते. डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. माझे दीर मच्छिंद्र यांना शंका असल्यास त्यांनी तो मोठ्याने वाचावा.

१. स्टँडजवळचा गाळा, म्हणजे पाण्याच्या जळालेल्या मोटरी नवी तार गुंडाळून भरायचं दुकान, माझ्या कमाईचं आणि माझ्या नावावर आहे. ते तारा गुंडाळायच्या मशीनसह सून तेजस्विनी हिला एकटीला देते. भावजी म्हणतात, "वहिनी, दुकान पोराच्या नावानं करा. सून काय, परक्या घरची!" अहो भावजी, मी तरी कुठून आले? यजमानांची नजर अधू झाल्यावर मोटरी मी भरायचे आणि गिऱ्हाईक शाबासकी त्यांना द्यायचं. आता माझ्यासोबत मोटरी भरणाऱ्या तेजस्विनीचं तसं होता कामा नये, एवढ्यासाठीच हा कागद.

२. "बाईनं भरलेली मोटर पानी उचलंल व्हय?" असं भावजींनी गावभर केलं होतं. त्यांची मोटर बाहेर भरून दोनदा जळाली. तिसऱ्यांदा गोणपाटात झाकून माझ्याकडे आणली. अकरा वर्षं झाली, चालते आहे. तो राग मी सोडते, पण लिहून ठेवते.

३. राहतं घर मुलगा सूरज आणि तेजस्विनी यांना निम्मं निम्मं. सूरजला शिवाय माझा पाटा-वरवंटा. मित्र आले की हा बाबा स्वयंपाकघरातून पळतो, पण मासवडी करावी तर त्यानेच. माझ्या तेराव्याला त्याने चारचौघांसमोर मासवड्या वळाव्यात, लाजू नये. तेजस्विनीने तिथे लुडबुड करू नये. तिच्या फुटतात.

४. वरचं सगळं काल दोघांना वाचून दाखवलं. सूरज हसला. तेजस्विनी मात्र रडायला लागली. "आई, तुमी गेल्यावर दुकान घिऊन काय करू मी? मला नाय पायजे आसलं." मला लई भरून आलं. खरंच, मरायची वाट कशाला बघायची? म्हणून सोमवारी घोडेगावला जाऊन गाळ्याचं बक्षीसपत्र करतो आहोत. मंगळवारपासून मी तिच्या हाताखाली कामाला. यायला उशीर झाला तर तिनं मला खुशाल ओरडावं. मी काय तिला कमी ओरडले आहे?

सही (अंगठा नव्हे): सोनीबाई सावळाराम वाळुंज

साक्षीदार:
१. कुशाबाई यमाजी पडवळ, शेजारीण
२. प्रयागबाई सिनलकर, शिवणकाम

लोणी, २१ फेब्रुवारी २०२५